बंदोबस्तातली पेरणी

मृगाच्या तोंडावर तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात एका ठरावीक अर्जाची गर्दी होते. वादीला मनाई हुकूम मिळालेला असतो, प्रतिवादी तो जुमानत नसतो आणि वापसा आला की दोन्हीकडचे ट्रॅक्टर एकाच रानात उतरणार हे सगळ्या गावाला ठाऊक असतं. म्हणून वादीचा वकील 'पोलीस संरक्षण मिळावे' असा अर्ज देतो. अर्ज मंजूर झाला की सोयाबीन फौजदाराच्या देखत जमिनीत पडतं.

या प्रकाराबद्दलची चर्चा बहुतेक वेळा दोन वाक्यांत संपते. एक बाजू म्हणते, न्यायालयाने हुकूम दिला आहे ना, मग पोलिसांनी मुकाट्याने बांधावर जाऊन उभं राहावं. दुसरी म्हणते, जमिनीचा वाद दिवाणी, तिथे खाकीचं काय काम? ज्याच्या गाठीला पैसा तो बंदोबस्त आणतो आणि गरिबाच्या पिकात नांगर घालतो. जुलै २०२४ मध्ये मुळशी तालुक्यातल्या एका शेतजमिनीच्या वादातली, हातात पिस्तूल घेतलेल्या बाईंची चित्रफीत राज्यभर फिरली. तेव्हा परवान्याची चर्चा पुष्कळ झाली. त्या रानात ताबा कोणाचा हे कोणी आणि कसं ठरवायचं असतं, यावर फारसं कोणी बोललं नाही.

माझं म्हणणं असं आहे की पोलीस संरक्षण द्यायलाच हवं, पण ताबा कोणाचा, किती आणि कुठवर हे न्यायाधीशाने ठरवल्यानंतर. ते न ठरवता पाठवलेला बंदोबस्त असलेला ताबा राखत नाही, नवा ताबा घडवतो. आणि शेतजमिनीच्या बाबतीत तर तो ताब्याचा पुरावाही घडवतो. दोन्ही बाजूंच्या भांडणात हा मुद्दा निसटतो.

संरक्षण मागणाऱ्यांची बाजू कच्ची नाही. मनाई हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येते, त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येतं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २अ मध्ये तशी सोय आहे. पण त्यासाठी वेगळा अर्ज, वेगळा पुरावा, उलटतपास आणि तारखा. पेरणीची घात मात्र तारीख मागून घेत नाही. जून-जुलैतले आठ-दहा दिवस गेले की हंगाम गेला, आणि दोन हंगाम गेले की कर्ज थकतं. दोन वर्षांनी प्रतिवादी कैदेत गेला तरी त्याने मोडलेलं पीक उगवत नाही. 'हुकूम झाला आहे, पण नुसता कागद आहे' हे वाक्य तालुक्याच्या कोर्टाबाहेरच्या टपरीवर रोज ऐकू येतं, आणि त्यातली चीड खरी असते. म्हणूनच आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने पन्नासेक वर्षांपूर्वी दिवाणी न्यायालयाला कलम १५१ खालच्या अंगभूत अधिकारात पोलीस मदत देता येते असं सांगितलं आणि सर्वोच्च न्यायालयाने पुढे मीरा चौहान खटल्यात तेच मान्य केलं. ज्या न्यायालयाला हुकूम काढता येतो त्याला तो पाळून घेता येत नसेल, तर त्या हुकुमाला कोण विचारणार?

संरक्षणाची गरज सर्वांत जास्त कोणाला असते हेही पाहायला हवं. नवऱ्यामागे एकटी रान कसणारी बाई, १९७४ च्या कायद्याने जमीन परत मिळालेला पण त्या जमिनीत पाय ठेवू न शकणारा आदिवासी, गावठाणाच्या कडेला राहणारं आणि गावकीत एकटं पडलेलं दलित कुटुंब. यांच्यामागे भाऊबंदकी नसते, ट्रॅक्टर नसतो, रात्री बांधावर झोपायला चार पोरं नसतात. त्यांच्या हातात असतो तो हुकुमाचा कागद. त्या कागदामागे पोलीस उभे राहणार नसतील, तर त्यांनी दावा लावायचाच कशाला?

इथवर मी पहिल्या बाजूबरोबर आहे. पण तो हुकूम तयार कसा होतो हे पाहिलं की वाट वेगळी होते.

दावा दाखल होतो, सोबत निशाणी ५ चा तात्पुरत्या मनाईचा अर्ज. न्यायाधीश तीन गोष्टी पाहतात: प्रथमदर्शनी बाजू कोणाची, सोयीचा तोल कुणीकडे, भरून न येणारं नुकसान कोणाचं. समोर पुरावा काय असतो? सातबारा, फेरफार, शेतसाऱ्याची पावती, शपथपत्र, फार तर दोन शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रं, ज्यांतला मजकूर पुष्कळदा एकाच साच्यातला. रान कोणी पाहिलेलं नसतं. आणि महसुली नोंदीने मालकी मिळत नाही हे तर सर्वोच्च न्यायालयाने इतक्यांदा सांगितलं आहे की वकिलांना ते पाठ असतं. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे नोंद खरी मानायची, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. निशाणी ५ च्या टप्प्यावर उलट सिद्ध करायला कोणाला पुरती संधीच मिळालेली नसते. यात न्यायाधीशाचा दोष नाही. तात्पुरता हुकूम हा तात्पुरत्या पुराव्यावरच होणार. अडचण पुढे होते, जेव्हा त्या तात्पुरत्या हुकुमाला कायमचा परिणाम करणारी ताकद जोडली जाते.

हुकुमाची भाषा पाहा. 'वादीच्या शांततामय वहिवाटीस प्रतिवादीने हरकत-अडथळा करू नये.' मिळकतीचं वर्णन: गट नंबर अमुक, एकूण क्षेत्र २ हेक्टर ४० आर, 'पैकी' पूर्वेकडील ८० आर. (मराठी दस्तऐवजांतल्या या 'पैकी'ने जितकी घरं कोर्टाची पायरी चढायला लावली तितकी दारूनेही लावली नसतील.) चतुःसीमेत पूर्वेला अमक्याचं रान, पश्चिमेला 'गटातील उर्वरित क्षेत्र'. आता हा कागद घेऊन दोन हवालदार रानात जातात. पूर्वेकडचे ८० आर नेमके कुठे संपतात? मधला बांध कोरून कोणी सरकवला आहे का? विहीर कुणाच्या हिश्शात? वादी म्हणतो बाभळीपर्यंत माझं, प्रतिवादी म्हणतो बाभळीच्या अलीकडे वीस पावलं माझी हळद उभी आहे. हवालदार पोलीस पाटलाला विचारतो, पोलीस पाटील कोणाचा तरी मेहुणा असतो. शेवटी ट्रॅक्टर जिथवर चालतो तिथवर वादीचा ताबा. जो निर्णय न्यायाधीशाने साक्षीपुरावा घेऊन तीन-चार वर्षांत द्यायचा, तो बांधावर अर्ध्या तासात होतो, आणि देणाऱ्याला आपण निवाडा करतो आहोत याची जाणीवही नसते. हवालदाराला का दोष द्यायचा? त्याला पाठवणाऱ्यानेच सीमा सांगितली नाही.

हे एवढ्यावर थांबत नाही. शेतजमिनीत ताबा ओळखण्याची नेहमीची खूण म्हणजे पीक. १९७५ मध्ये पूरणसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की अतिक्रमण करणाऱ्याचा ताबा स्थिर झाला की नाही हे पाहताना त्याने पीक घेतलं आहे का ही एक नेहमीची कसोटी आहे. त्याने पीक उभं केलं असेल तर खऱ्या मालकालाही ते मोडून जबरदस्तीने ताबा घेता येत नाही. रामे गौडा खटल्यात २००३ च्या अखेरीस तेच तत्त्व पुन्हा आलं. तत्त्व योग्य आहे, त्यामागे गरिबाचं रक्षण आहे. पण बंदोबस्ताशी ते जोडून पाहा. जूनमध्ये पोलिसांच्या देखत पेरलेलं सोयाबीन ऑक्टोबरात कापलं जातं. मधल्या काळात १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर आलेल्या ई-पीक पाहणीत मोबाइलवर त्याचा फोटो चढतो, नोंद खातेदाराच्या नावावर होते. रान दुसराच कसत असेल तर त्याचं नाव तिथे आपसूक येत नाही. पुढच्या हंगामात हरभरा, त्याचीही नोंद. तीन वर्षांनी पुराव्याची वेळ येते तेव्हा वादीच्या हातात सलग सहा हंगामांची पाहणी असते आणि त्याचा वकील विचारतो, ताबा आमचा नसता तर पीक आमचं कसं? ज्या हुकुमाने ताबा फक्त गृहीत धरला होता, त्याच हुकुमाच्या आधाराने आलेलं पीक आता ताबा सिद्ध करतं. आधी निवाडा, मग पुरावा, असा हा उलटा खेळ. मालकीच्या दाव्यात इतकी सोपी वाट दुसरी कुठे आहे?

म्हणून मग दुसऱ्या बाजूचं म्हणणं मानावं, पोलिसांना बांधापासून लांबच ठेवावं? नाही. पोलिसांनी लांब राहणं तटस्थ नसतं. 'दिवाणी बाब आहे, कोर्टात जा' हे वाक्य ठाण्यात ज्याला ऐकवलं जातं तो बहुतेक वेळा दुबळा असतो. दांडग्याला ठाण्यात जाण्याची गरजच नसते, तो रानात असतो. कायद्यालाही हे कळतं. म्हणून तर जुन्या फौजदारी संहितेच्या कलम १४५ मध्ये, जे आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६४ झालं आहे, मालकीत न शिरता प्रत्यक्ष ताबा कोणाचा एवढंच पाहून शांतता राखण्याचा अधिकार कार्यकारी दंडाधिकाऱ्याला दिला आहे. आधीच्या दोन महिन्यांत कोणाला जबरदस्तीने हुसकलं असेल तर तोच ताब्यात होता असं धरून चालायचं. पण दिवाणी न्यायालयात ताब्याचा दावा चालू झाला की ही समांतर चौकशी चालू ठेवू नये असं सर्वोच्च न्यायालयाने रामसुमेर पुरी खटल्यात सांगितलं. म्हणजे एकदा दावा लागला की पोलिसांना बोलावण्याची चावी एकट्या दिवाणी न्यायाधीशाकडे उरते. त्यानेही हात झटकले, तर रान कोणाचं? ज्याची काठी लांब त्याचं.

हे आपण एकदा पाहून झालं आहे. मुंबई कुळवहिवाट कायदा १९४८ चा. १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन, त्या दिवशी कसणारा कायद्याने मालक झाला. पण तोवर कित्येक कुळांनी 'राजीखुशीने' जमिनी सोडल्याचे कागद लिहून दिलेले होते. गोखले अर्थशास्त्र संस्थेसाठी वि. म. दांडेकर आणि गो. ज. खुदानपूर यांनी त्या कायद्याच्या अंमलबजावणीची पाहणी केली तेव्हा हे ऐच्छिक राजीनामे ठळकपणे समोर आले. ही राजीखुशी कशी मिळवली जात असेल हे खेड्यात वाढलेल्याला समजावून सांगावं लागत नाही. कायदा कुळाच्या बाजूने होता, बांधावर मात्र त्याच्या बाजूने कोणी उभं नव्हतं.

पण दुसऱ्या टोकाचाही इतिहास आहे, आणि तो आजच्या चर्चेत कोणी काढत नाही. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यात सुप्याच्या बाजारात शेतकरी सावकारांवर उठले आणि लोण पुणे-नगर जिल्ह्यांत पसरलं. त्यांना हवे होते कागद: कर्जखतं, रोखे आणि कोर्टाचे हुकूमनामे. ते त्यांनी जाळले. का? कारण सावकार तालुक्याला दावा लावी, शेतकऱ्याला समन्स कळे न कळे, हुकूमनामा एकतर्फी होई आणि मग बेलिफ दारात येई. बेलिफ बेकायदा नव्हता. त्याच्या हातातला कागद अस्सल होता. पण त्या कागदामागे ऐकून घेतलेली दुसरी बाजू नव्हती. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. त्यात शेतकऱ्याला जप्तीतून सूट तर होतीच, पण मला त्यातली सर्वांत शहाणी तरतूद वेगळी वाटते. न्यायाधीशाने प्रतिवादीला स्वतः तपासावं आणि रोख्यावरच्या आकड्यावर न थांबता व्यवहाराच्या मुळापर्यंत जावं, असं त्या कायद्याने सांगितलं. परकं सरकार दंगलीनंतर का होईना एवढं शिकलं की अंमलबजावणीचा हात जितका जड, तितकी आधीची चौकशी खोल हवी. आज एकतर्फी तात्पुरत्या मनाईमागे पोलिसांची गाडी पाठवताना आपण हे विसरलो आहोत का?

त्याच्याही मागे जायचं तर मराठेशाहीतल्या गोतसभेकडे, म्हणजे गावकीच्या न्यायसभेकडे, जावं लागेल. तिचं गुणगान करायचं नाही. वतनदारांची आणि वरच्या जातींची ती सभा होती, कुणबिणीला किंवा महाराला तिथे स्वतःसाठी न्याय मागणं सोपं नव्हतं. पण पद्धतीतली एक गोष्ट घेण्यासारखी आहे. निवाडा ऐकण्याआधी दोन्ही पक्षांकडून 'निवाडा होईल तो मान्य' असा राजीनामा आणि तसं वागण्याचा जामीन घेतला जाई. आणि शिवेचा वाद असेल तर निवाडा शिवेवर उभं राहून होई. गावचा महार हा शिवेचा जाणता साक्षीदार मानला जाई. म्हणजे जागा आधी पाहायची, जबाबदारी दोघांकडून घ्यायची, मग हुकूम. आपण जागा न पाहता एकाच्या पदरात हुकूम टाकतो आणि जबाबदारी ठाणे अंमलदारावर ढकलतो.

भाऊबंदकीच्या दाव्यांत तर हा प्रकार फारच बोचरा होतो. वडिलोपार्जित जमिनीत बहिणीचा हक्क हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने भावाच्या बरोबरीने आला, २०२० मध्ये विनीता शर्मा निकालाने तो आणखी पक्का झाला. बहीण वाटपाचा दावा लावते. भाऊ सातबाऱ्यावर वर्षानुवर्षं एकटा असतो, तो उलट मनाई मागतो आणि पुढे बंदोबस्तही मागतो, कारण भाचे रानात आले होते. पण सामाईक क्षेत्रात एका सहहिस्सेदाराचा ताबा हा कायद्याच्या दृष्टीने सगळ्यांचा ताबा. मग पोलीस कोणापासून कोणाचं संरक्षण करतात? बहिणीपासून तिच्याच ताब्याचं? असे अर्ज न्यायालयं पुष्कळदा फेटाळतात, हे मान्य. पण 'सामाईक' हा शब्द अर्जात लिहिलेला नसतो, सातबाऱ्यावरून तो कळत नाही, आणि बहीण दुसऱ्या जिल्ह्यात नांदत असते.

दिवाणी न्यायालयाची वाट चुकवून सरळ उच्च न्यायालयात पोलीस संरक्षणाची रिट याचिका करण्याची पळवाटही आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये मुरलीधरन खटल्यात ती जवळजवळ बुजवली: संरक्षणाच्या नावाखाली दिवाणी हक्क ठरवून घेता येणार नाहीत. ते बरं झालं. पण तेच तत्त्व खाली, तालुक्यात, कलम १५१ च्या अर्जालाही लागू व्हायला हवं. रिटमध्ये जे चोरून करता येत नाही ते साध्या अर्जात उघडपणे कसं चालतं?

मग करायचं काय? माझ्या मते संरक्षणाच्या हुकुमाआधी न्यायाधीशाने भूमी अभिलेखच्या भूकरमापकाला आयुक्त, म्हणजे न्यायालयाच्या वतीने जागा पाहणारा, नेमून जागेवर पाठवावं आणि क प्रतीसारखा, म्हणजे सरकारी मोजणीनंतर मिळतो तसा हद्दी दाखवणारा, नकाशा हुकुमाला जोडावा. पोलिसांनी शब्द वाचू नयेत, खुणा पाहाव्यात. 'आयुक्त नेमून पुरावा गोळा करता येत नाही' ही हरकत लगेच येईल. मुख्य दाव्यात ती बरोबर आहे. इथे प्रश्न पुरावा गोळा करण्याचा नाही. पोलीस नेमक्या कुठल्या तुकड्यावर पाठवायचे एवढाच आहे, आणि ते माहीत नसेल तर पाठवणंच चूक. दुसरं, वादीकडून लेखी हमी आणि जामीन घ्यावा की दावा हरलो तर समोरच्याच्या गेलेल्या हंगामांची भरपाई देईन. आज वादीला बंदोबस्तात काहीच धोका नाही. तिसरं, आणि हे मला सर्वांत महत्त्वाचं वाटतं: हुकुमातच लिहावं की बंदोबस्तात घेतलेलं पीक आणि त्याची पाहणी या दाव्यात ताब्याचा पुरावा धरली जाणार नाही. एका ओळीचं काम. त्याने निम्मे अर्ज आपोआप कमी होतील असा माझा अंदाज आहे, कारण निम्म्यांना पीक नको असतं, नोंद हवी असते.

वेळेची हरकत खरी आहे. मोजणीला महिने लागतात, आणि घात थांबत नाही हे तर मीच वर लिहिलं. पण एकतर्फी मनाई दिली तर तीस दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न करावा असं आदेश ३९ नियम ३अ आजही सांगतो. तो पाळला तर जूनचा वाद मेमध्येच सुटू शकतो, कारण हे अर्ज आभाळातून पडत नाहीत, गुढीपाडव्यापासूनच त्यांची चाहूल असते. आणि जिथे खरंच वेळ नाही तिथे न्यायालयाने रिसीव्हर, म्हणजे तटस्थ व्यवस्थापक, नेमून रान कसून घ्यावं, पिकाचे पैसे न्यायालयात जमा ठेवावेत. रान पडीक राहत नाही, डोकी फुटत नाहीत आणि कोणाच्या बाजूने पुरावाही उगवत नाही. तिथे पोलीस बोलावले तर ते रिसीव्हरच्या संरक्षणाला येतील, वादीच्या नव्हे. विधवेलाही यात तोटा नाही: तिचा ताबा खरा असेल तर नकाशा तिच्याच बाजूचा असेल, आणि मग पोलिसांना 'आम्हाला हद्द कळली नाही' ही सबबही उरणार नाही.

यंत्रणा नाही असंही म्हणता येणार नाही. जानेवारी २०२३ मध्ये राज्य सरकारने सलोखा योजना आणली. एकाच्या नावावरची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या, असा उलटसुलट ताबा बारा वर्षं असेल, तर एक हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि एक हजार नोंदणी फी भरून अदलाबदल करता येते. त्यासाठी तलाठी आणि मंडळ अधिकारी जागेवर जाऊन ताब्याचा पंचनामा करतात. म्हणजे दोघे राजी असतील तेव्हा सरकार रानात जाऊन ताबा पाहतं. दोघे एकमेकांच्या जिवावर उठलेले असतात तेव्हा मात्र कोणी पाहत नाही, थेट गाडी पाठवली जाते.